ईम गांवचे पाळक विल्यम मॉम्पेसन

इंग्लंड देशाच्या मध्यभागीं डर्बीशायर नांवाचा डोंगराळ परगणा आहे. तेथील डोंगराच्या एका उतरणीवर ईम नांवाचें लहानसें खेडें वसलेलें आहे. दगडी भिंतींचीं घरें, गांवांतून जाणारा एक मोठा रस्ता, मध्यभागीं उपासनामंदिर आणि सभोंवार मेंढरांचीं कुरणें, एवढाच त्या गांवाचा विस्तार. सुमारें साडेतीनशें वर्षांपूर्वीं तेथील लोक शेती करीत, मेंढरें पाळीत आणि डोंगर खणून शिसें काढीत. ते श्रीमंत नव्हते, विद्वानही नव्हते. असें असूनही आज इंग्लंडांतील शाळेंत जाणाऱ्या मुलांस ह्या गांवाचें नांव ठाऊक असतें. ज्या संकटामुळें हें नांव झालें तें संकट, आणि त्या संकटांत ज्यांनीं तेथील मंडळीचें पाळकपण केलें त्या विल्यम मॉम्पेसन यांचें चरित्र आज आम्ही वाचकांपुढें ठेवितों.

मॉम्पेसन यांचा जन्म इ. स. १६३९ च्या सुमारास यॉर्कशायर परगण्यांत झाला. केंब्रिज येथील विद्यापीठांत, पीटरहाउस नांवाच्या विद्यालयांत, त्यांचें शिक्षण झालें. पुढें त्यांनीं पाळकपणाची दीक्षा घेतली, व सर जॉर्ज सॅव्हिल नांवाच्या उमरावाचा आश्रय त्यांस लाभला. त्यांच्याच द्वारें इ. स. १६६४ सालीं ते ईम येथील मंडळीचे पाळक झाले. त्या वेळीं त्यांचें वय अवघें पंचवीस वर्षांचें होतें. बरोबर त्यांच्या तरुण पत्नी कॅथरीनबाई, आणि जॉर्ज व एलिझाबेथ हीं दोन लहान लेंकरें होतीं.

नव्या पाळकांस गांवानें मोकळ्या मनानें जवळ केलें नाहीं. ह्याचें कारण समजण्यासाठीं त्या काळच्या इंग्लंडची स्थिति थोडी सांगितली पाहिजे. राजा व पार्लमेंट यांच्यामधील मोठें युद्ध होऊन गेलें होतें. राजाचा शिरच्छेद झाला होता, कांहीं वर्षें राज्य राजावांचून चाललें होतें, आणि इ. स. १६६० सालीं त्या राजाचा पुत्र दुसरा चार्ल्स गादीवर बसला होता. नवें राज्य आल्यावर इ. स. १६६२ सालीं कायदा झाला कीं, सर्व पाळकांनीं सरकारमान्य प्रार्थनापुस्तकाप्रमाणेंच उपासना चालवावी, व तसें कबूल करावें. ज्यांच्या सद्सद्विवेकबुद्धीस हें पटलें नाहीं असे सुमारें दोन हजार पाळक आपापल्या जागेवरून दूर झाले. त्यांत ईमचे पूर्वींचे पाळक टॉमस स्टॅन्ले हेही होते. ते प्यूरिटन मताचे असून गांवकऱ्यांचें त्यांच्यावर फार प्रेम होतें. पद गेलें तरी त्यांनीं गांव सोडिला नाहीं.

अशा रीतीनें एकाच लहान गांवांत दोन पाळक राहूं लागले. एकास कायद्याचें बळ होतें, दुसऱ्यास लोकांच्या अंतःकरणांत जागा होती. एक तरुण, दुसरा वयोवृद्ध. एकाचे प्रार्थनापुस्तक दुसऱ्यास मान्य नव्हतें. आमच्या खेड्यांतून दोन मिशनांच्या किंवा दोन पक्षांच्या मंडळ्या शेजारीं शेजारीं असल्या म्हणजे काय होतें हें ज्यांनीं पाहिलें आहे, त्यांस ईम गांवची तेव्हांची स्थिति अधिक वर्णन करून सांगण्याची गरज नाहीं.

इ. स. १६६५ च्या उन्हाळ्यांत लंडन शहरांत मोठी मरी पडली. हा गांठीचा प्लेग होता. अंगांत ताप भरे, जांघेंत किंवा काखेंत गांठ येई, आणि पुष्कळ रोगी थोड्याच दिवसांत मरत. लंडन शहर ईमपासून दूर आहे, म्हणून गांवकऱ्यांस भीति वाटण्याचें कारण नव्हतें. परंतु ऑगस्ट महिन्याच्या अखेरीस अलेक्झांडर हॅडफील्ड नांवाच्या गांवच्या शिंप्याकडे लंडनहून कापडाचें गाठोडें आलें. कापड दमट झालेलें होतें. शिंप्याकडे जॉर्ज व्हिकर्स नांवाचा कारागीर होता, त्यानें तें सोडून चुलीपुढें वाळत घातलें. त्या कापडांत रोगट पिसवा होत्या असें आतां मानितात. व्हिकर्स आजारी पडला आणि मेला. ७ सप्टेंबर १६६५ रोजीं त्यास पुरलें. नंतर त्याच घरांत, मग शेजारच्या घरांत, मग रस्त्याच्या दोन्ही बाजूंस मरण फिरूं लागलें. वर्ष संपेपर्यंत ४२ माणसें दगावलीं.

हिवाळ्यांत थंडीमुळें रोगाचा जोर कमी झाला. वसंतऋतूंत मरणें थोडीं झालीं, तेव्हां संकट टळलें असें लोकांस वाटूं लागलें. परंतु इ. स. १६६६ चा जून महिना लागला, ऊन वाढलें, आणि मरीनें पुन्हां डोकें वर काढिलें. ज्यांस ऐपत होती अशीं थोडीं कुटुंबें आधींच निघून गेलीं होतीं. आतां गरिबांनींही गाठोडीं बांधण्यास आरंभ केला. पळून जाणें हें त्या काळीं स्वाभाविकच होतें. लंडनहून राजा गेला, दरबार गेला, कित्येक पाळकही आपले कळप टाकून गेले. ईमच्या शेतकऱ्यानें जावें यांत कोणी त्यास दोष दिला नसता.

पण ईमपासून थोड्या कोसांवर शेफील्ड शहर होतें. मध्यें व सभोंवार लहानमोठीं गांवें होतीं. पळणारा मनुष्य आपल्या कपड्यांबरोबर व अंगाबरोबर मरी घेऊन जाणार, आणि ज्या बहिणीच्या किंवा भावाच्या घरीं आसरा घेईल त्या घरास ती देणार, हें मॉम्पेसन यांनीं ओळखिलें. गांवानें येथेंच राहावें, आणि मरी ह्या डोंगराबाहेर जाऊं देऊं नये, असें त्यांच्या मनानें घेतलें. परंतु हें लोकांस सांगावें कोणी? ज्याच्यावर लोकांचा विश्वास अजून बसला नव्हता त्या तरुण पाळकाचें ऐकून मरणाच्या तोंडीं कोण उभा राहील?

तेव्हां मॉम्पेसन यांनीं जें केलें तें आमच्या मतें त्यांच्या आयुष्यांतील पहिलें मोठें कृत्य होय. त्यांनीं आपला मान बाजूस ठेविला आणि ज्यांची जागा आपणांस मिळाली होती त्या स्टॅन्ले यांच्याकडे ते गेले. स्टॅन्ले यांनींही मागील दुःख मनांत धरिलें नाहीं. इ. स. १६६५ सालीं आणखी एक कायदा झाला होता. त्यानें असें ठरविलें होतें कीं, शपथ न घेणाऱ्या पदच्युत पाळकांनीं आपल्या जुन्या मंडळीच्या पांच मैलांच्या आंत राहूं नये. म्हणजे गांवांत उघडपणें पुढें येणें हेंच स्टॅन्ले यांस धोक्याचें होतें. तरी ते आले. दोघे पाळक एकत्र उभे राहिले, आणि दोघांनीं मिळून गांवकऱ्यांस समजाविलें. प्रार्थनापुस्तकाचा वाद त्या दिवशीं मिटला नाहीं. पण लोकांचे प्राण जात असतां तो वाद पुढें आणावयाचा नाहीं, एवढें दोघांनाही कळलें.

त्यांनीं तीन गोष्टी ठरविल्या. पहिली, गांवच्या शिवेबाहेर कोणी जाऊं नये, व बाहेरच्या कोणास आंत येऊं देऊं नये. दुसरी, मंदिराच्या आवारांत प्रेतें पुरण्याची चाल बंद करून ज्या त्या कुटुंबानें आपले मृत आपल्याच परसांत किंवा शेतांत लागलींच पुरावे. तिसरी, मंदिर बंद करून उपासना उघड्यावर करावी. ह्या गोष्टी ऐकण्यास सोप्या वाटतात. परंतु आपल्या बापास किंवा लेंकरास विधीवांचून, घंटेवांचून, परसांतल्या खड्ड्यांत ठेवणें हें त्या ख्रिस्ती लोकांस किती कठीण गेलें असेल याचा विचार करावा. मृतास योग्य रीतीनें मूठमाती मिळावी ही इच्छा सर्व देशांत सारखीच आहे.

उपासनेसाठीं गांवाजवळच ककलेट डेल्फ नांवाचें एक खोलगट खोरें निवडिलें. तेथें चुनखडीच्या खडकांत कमानीसारखीं भोकें आहेत. मॉम्पेसन खडकावर उभे राहून उपदेश करीत, आणि खालीं हिरवळीवर प्रत्येक कुटुंब दुसऱ्यापासून दूर बसे. रविवारीं रविवारीं गवतावरच्या रिकाम्या जागा वाढत गेल्या. कोण आला नाहीं हें विचारण्याची गरज नव्हती.

गांव बंद झालें तरी लोकांस अन्न पाहिजे होतें. चॅट्सवर्थ येथें डेव्हनशायरचे अर्ल राहत असत. मॉम्पेसन यांनीं त्यांस कळविलें, आणि अर्लसाहेबांनीं अन्न व औषधें पुरविण्याचें मान्य केलें. आसपासच्या गांवचे लोकही शिवेवर सामान आणून ठेवीत व निघून जात. ईम व स्टोनी मिडल्टन ह्या दोन गांवांच्या मध्यें एक मोठा धोंडा आहे. त्यांत सहा भोकें पाडिलेलीं आहेत. त्या भोकांत सिरका ओतून त्यांत सामानाच्या किंमतीचे पैसे ठेवीत, म्हणजे पैशांबरोबर रोग जाणार नाहीं अशी त्यांची समजूत होती. गांवाच्या उत्तरेस डोंगरावर एक झरा आहे, तेथेंही वाहत्या पाण्यांत पैसे ठेवीत. त्या झऱ्यास आजही मॉम्पेसनची विहीर असें म्हणतात. जंतूंचें ज्ञान त्या काळीं कोणास नव्हतें. तरी दुसऱ्याचें देणें बुडवूं नये, आणि देतांना त्याच्या हातीं मरण देऊं नये, एवढी काळजी त्या गरीब लोकांनीं घेतली.

येथें एक गोष्ट लपवून ठेवणें बरें नाहीं. शीव बंद होण्याच्या आधीं मॉम्पेसन यांनीं आपलीं दोन मुलें यॉर्कशायरांत नातलगांकडे पाठविलीं होतीं. पुष्कळ गांवकऱ्यांस तें साधलें नाहीं. मुलांबरोबर तुम्हीही जा, असें त्यांनीं कॅथरीनबाईंस आग्रहानें सांगितलें. कॅथरीनबाईंनीं मुलें पाठविण्यास रुकार दिला, परंतु स्वतः जाण्याचें नाकारिलें. पति जेथें आहे तेथें, आणि त्याची मंडळी जेथें आहे तेथें, आपण राहणार असें त्यांनीं ठरविलें. मुलांची व आईची त्यानंतर भेट झाली नाहीं.

ऑगस्ट महिना सर्वांत भयंकर गेला. एकेका दिवशीं पांच पांच, सहा सहा माणसें मरूं लागलीं. गांवापासून थोड्या अंतरावर रायली नांवाची वाडी होती. तेथें एलिझाबेथ हॅन्कॉक नांवाची शेतकरीण आपल्या नवऱ्यासह व मुलांसह राहत असे. ३ ऑगस्टपासून १० ऑगस्टपर्यंत, म्हणजे आठ दिवसांत, तिचा नवरा व सहा मुलें मेलीं. मदतीस येणारें कोणी नव्हतें. तिनें एकटीनें खड्डे खणिले, आणि फडक्यानें प्रेतें ओढीत नेऊन आपल्या शेतांत पुरिलीं. तिला स्वतःस रोग झाला नाहीं. पुढें ती शेफील्ड येथें असलेल्या आपल्या राहिलेल्या मुलाकडे गेली. त्या सात कबरा शेताच्या मध्यें दगडी कुंपणाच्या आंत अजून आहेत.

ज्या घरीं पुरण्यास कोणी उरलें नाहीं तेथें मार्शल हाउ नांवाचा एक धट्टाकट्टा मनुष्य जाई. त्यास आरंभींच रोग होऊन तो बरा झाला होता, म्हणून आतां आपणांस भय नाहीं असें तो समजे. मृताच्या घरांतील चीजवस्तु तो मजुरी म्हणून घेऊन जाई. त्याच ऑगस्ट महिन्यांत त्याची स्वतःची बायको व मुलगा मेले. त्या घरांतून रोग आपण आपल्या घरीं आणिला अशी त्याची समजूत झाली असें सांगतात. दुसरी एक कथा एमट सिडल नांवाच्या मुलीची आहे. शेजारच्या स्टोनी मिडल्टन गांवच्या रोलंड टॉर नांवाच्या तरुणाशीं तिचें लग्न ठरलें होतें. दोघें डेल्फच्या खोऱ्यांत दुरून एकमेकांस पाहत असत. एप्रिलच्या अखेरीस ती येईनाशी झाली. गांव मोकळें झाल्यावर प्रथम आंत आलेल्यांत रोलंड होता, आणि ती मेली आहे हें त्यास तेव्हां कळलें, असें गांवचे लोक पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले आहेत.

मॉम्पेसन व कॅथरीनबाई घरोघर जात असत. आजाऱ्यांस धीर देणें, मरणाऱ्यांबरोबर प्रार्थना करणें, त्यांचीं मृत्युपत्रें लिहून घेणें, मागें राहिलेल्यांची व्यवस्था लावणें, हीं कामें दररोजचीं झालीं. एके दिवशीं सायंकाळीं पतिपत्नी शेतांतून येत असतां हवेंत गोड वास येत आहे असें कॅथरीनबाईंनीं म्हटलें, अशी दंतकथा आहे. आणि असा वास येणें हें रोग लागल्याचें चिन्ह आहे असें त्या काळचे लोक समजत. कॅथरीनबाई आजारी पडल्या आणि २५ ऑगस्ट १६६६ रोजीं प्रभूमध्यें निद्रिस्त झाल्या. त्यांचें वय सत्तावीस वर्षांचें होतें. त्यांची कबर मात्र मंदिराच्या आवारांत आहे, आणि ती आजपर्यंत नीट राखिलेली आहे.

कांहीं दिवसांनंतर मॉम्पेसन यांनीं आपल्या लेंकरांस पत्र लिहून आईच्या मरणाची वार्ता कळविली, व तिच्या भक्तीचें व प्रीतीचें स्मरण करून दिलें. आपल्या आश्रयदात्या सॅव्हिलसाहेबांसही त्यांनीं त्याच सुमारास पत्र पाठविलें. आपलाही अंत जवळ आला असें समजून तें निरोपाचें पत्र म्हणून लिहिलें होतें. हीं पत्रें पुढें प्रसिद्ध झालीं आणि ईमची हकीकत जगास मुख्यतः त्यांवरूनच कळली. तो मनुष्य दुःखानें मोडून गेला होता हें पत्रांत स्पष्ट दिसतें. त्यांनीं आपलें रडणें लपविलें नाहीं. परंतु पत्र लिहून झाल्यावर ते पुन्हां आजाऱ्यांकडे गेले, आणि रविवारीं पुन्हां खडकावर उभे राहिले. त्यांच्या स्वतःच्या अंगावर रोगाचें एकही चिन्ह दिसलें नाहीं.

सप्टेंबरमध्यें मरणें उतरणीस लागलीं. १ नोव्हेंबर १६६६ रोजीं अब्राहाम मॉर्टन नांवाचा शेवटचा रोगी मेला. मग मॉम्पेसन यांनीं रोगट घरांतील कपडे व सामान जाळविलें. तसें करितांना त्यांनीं आपल्याही घरचें कांहीं मागें ठेविलें नाहीं असें सांगतात. चौदा महिन्यांत सुमारें २६० माणसें गेलीं होतीं. कित्येक कुटुंबांत नांव लावण्यास कोणी उरलें नाहीं. परंतु आसपासच्या गांवांत मरी पसरली नाहीं.

मॉम्पेसन यांचें पुढील आयुष्यही सांगितलें पाहिजे. सुमारें इ. स. १६७० सालीं त्यांची नेमणूक नॉटिंगहॅमशायर परगण्यांतील ईक्रिंग गांवीं झाली. ज्यानें दुसऱ्या गांवांस वांचविण्यासाठीं आपलें सर्वस्व वेंचिलें, त्याचें स्वागत मोठ्या सन्मानानें झालें असेल असें वाचकांस वाटेल. तसें झालें नाहीं. हा प्लेगच्या गांवाहून आला आहे, असें म्हणून ईक्रिंगच्या लोकांनीं त्यांस गांवांत घेण्याचें नाकारिलें. लोकांचें भय जाईपर्यंत त्यांस जवळच्या रफर्ड बागेंत एका झोपडींत राहावें लागलें, आणि ते गांवाबाहेर एका ॲश वृक्षाखालीं उभे राहून उपदेश करीत. ईमच्या खोऱ्यांत जसें उघड्या आकाशाखालीं, तसेंच येथेंही. त्या झाडाच्या जागीं आतां दगडी क्रूस उभा आहे. मॉम्पेसन यांनीं त्या लोकांचा राग धरिला नाहीं. मृत्यूचें भय माणसास काय करावयास लावितें हें त्यांच्याइतकें कोणास ठाऊक होतें?

ईक्रिंग येथें त्यांनीं जवळजवळ चाळीस वर्षें पाळकपण केलें. त्यांनीं दुसरें लग्न केलें. साउथवेल येथील मोठ्या मंदिरांत त्यांस मानाची जागा मिळाली. लिंकन येथील डीनचें उच्च पद त्यांस देऊं केलें होतें, परंतु तें त्यांनीं स्वतः न घेतां आपले मित्र डॉक्टर फुलर यांस मिळावें असें सुचविलें. ७ मार्च १७०९ रोजीं ते ख्रिस्तवासी झाले, आणि ईक्रिंगच्या मंदिरांत त्यांस पुरिलें. पत्नीची कबर ईमला, पतीची ईक्रिंगला.

स्टॅन्ले हे इ. स. १६७० सालीं ईम येथेंच वारले. मरी गेल्यावर कांहीं लोकांनीं कायद्याचा आधार घेऊन त्यांस गांवाबाहेर काढण्याची खटपट केली, परंतु डेव्हनशायरच्या अर्लनीं त्यांचा पक्ष घेतला असें सांगतात. पुष्कळ काळपर्यंत लोक मॉम्पेसन यांचेंच नांव घेत, स्टॅन्ले यांचें कोणी घेत नसे. आतां ईमच्या मंदिराच्या आवारांत त्यांचेंही स्मारक आहे, आणि तें योग्यच आहे.

ह्या मरीचें खरें कारण त्या वेळीं कोणास कळलें नव्हतें, आणि तें कळण्याच्या कामीं आमच्या देशाचाही संबंध आला. इ. स. १८९४ सालीं हाँगकाँग येथें येर्सिन नांवाच्या शास्त्रज्ञानें प्लेगचा जंतु शोधून काढिला. इ. स. १८९६ सालीं मुंबईंत प्लेग आला आणि तेथून पुणें, सातारा व खेडोपाडीं पसरला. हाफकिन नांवाच्या डॉक्टरांनीं मुंबईंत प्लेगची लस तयार करून १० जानेवारी १८९७ रोजीं ती प्रथम स्वतःसच टोंचून घेतली. त्याच वर्षीं १० मार्च रोजीं पुण्यास सावित्रीबाई फुले प्लेगच्या रोग्यांची सेवा करितां करितां त्याच रोगानें वारल्या. पुढच्या वर्षीं सिमोन नांवाच्या फ्रेंच डॉक्टरांनीं कराची येथें प्रयोग करून उंदरांवरील पिसवा हा रोग पसरवितात हें दाखविलें. आज वेळींच औषध मिळाल्यास प्लेगचे बहुतेक रोगी बरे होतात.

हें ज्ञान हातीं आल्यावर कित्येक विद्वानांनीं मॉम्पेसन यांस दोष दिला आहे. लोकांस एका जागीं कोंडण्याऐवजीं, निदान मुलांस तरी, डोंगरावर विरळ झोपड्या बांधून ठेविलें असतें तर अधिक जीव वांचले असते, असें त्यांचें म्हणणें आहे. तें खोटें आहे असें आम्ही म्हणत नाहीं. पण मॉम्पेसन यांस आपल्या काळच्या ज्ञानावरच चालावें लागलें. आपल्या रक्षणापेक्षां शेजाऱ्याचें रक्षण अगोदर, हा निर्णय मात्र ज्ञानाचा नव्हता. तो प्रीतीचा होता, आणि तो चुकला असें कोणी दाखवूं शकला नाहीं.

आज ईम गांवीं जाणारास ह्या सर्व खुणा पाहावयास मिळतात. मंदिराच्या आवारांत बाराशें वर्षांपूर्वींचा कोरीव दगडी क्रूस आहे. मॉम्पेसन आले तेव्हांही तो पुरातनच होता. त्याच्या जवळच कॅथरीनबाईंची कबर आहे. मंदिरालगत ज्या घरांत मरी प्रथम आली तीं घरें आहेत, व त्या त्या घरांत कोण कोण मेलें तें पाट्यांवर लिहिलें आहे. शिवेवरचा धोंडा, डोंगरावरचा झरा, रायलीच्या सात कबरा, सर्व जागच्या जागीं आहेत. आणि दरवर्षीं ऑगस्ट महिन्याच्या शेवटल्या रविवारीं लोक जमून ककलेट डेल्फच्या खोऱ्यांत, त्याच हिरवळीवर, देवाची उपासना करितात.

प्रिय वाचकहो, इ. स. २०२० सालीं कोरोनाची साथ आली तेव्हां आमच्याकडील पुष्कळ गांवांनींही आपल्या वेशी बंद केल्या, वाटेवर काटेरी फांद्या टाकिल्या. त्यांत चूक नव्हती. आपलें गांव राखणें हें गांवकऱ्यांचें कामच आहे. परंतु कित्येक ठिकाणीं शहरांतून चालत आलेला आपलाच भाऊ वेशीबाहेर राहिला, आणि त्यास पाणीही कोणी विचारिलें नाहीं. मरण आपणांकडे येऊं नये म्हणून वेस लावणें हें सर्वांस सुचतें. ईमच्या लोकांनीं वेस लाविली ती आपल्याकडचें मरण दुसऱ्याकडे जाऊं नये म्हणून. आणि शेजाऱ्यांनींही त्यांस टाकिलें नाहीं. त्या धोंड्यावर भाकर येत राहिली. बंद वेशीच्या दोन्ही बाजूंस प्रीति असूं शकते, हें त्या धोंड्यावरून दिसतें.

जे आमचे पाळक व सुवार्तिक लहान गांवांत, थोड्या पगारावर, कोणाच्या दृष्टीस न पडतां काम करीत आहेत, त्यांनीं हें चरित्र मनांत ठेवावें. मॉम्पेसन ईमला आले तेव्हां त्यांस कोणी ओळखीत नव्हतें, आणि तेथील लोकांस ते आवडतही नव्हते. त्यांनीं मोठीं पुस्तकें लिहिलीं नाहींत, दूरदेशीं प्रवास केला नाहीं. आपल्या प्रतिस्पर्ध्याच्या दारीं ते नम्रपणें गेले, लोकांस खरें तें सांगितलें, आणि जें दुसऱ्यांस सांगितलें तें सोसण्यास स्वतः तेथेंच राहिले. ज्या प्रभूनें मेंढरांसाठीं आपला प्राण दिला, त्याच्या मागें जाणाऱ्या पाळकास आपल्या गांवांत एवढेंच करावयाचें असतें. तुमच्या गांवांत साथ आली, तर रोग्याच्या दारीं प्रथम कोण जाईल, दवाखान्याची वाट कोण दाखवील, टोंचून घेण्यास प्रथम कोण पुढें होईल, आणि शेजारच्या मंडळीच्या पाळकाकडे हात पुढें कोण करील, ह्याचें उत्तर साथ येण्यापूर्वींच प्रार्थनापूर्वक ठरवून ठेवावें.